गुलाबबाई ऊर्फ कमलादेवी

कोल्हापूरला येणाऱ्या माणसाने खरी कॉर्नरला कॅमेऱ्याचा मानस्तंभ पाहिलेला असतो. बाबूराव पेंटर आणि त्यांच्या साथीदारांनी इथल्या इथे कॅमेरा घडवला आणि महाराष्ट्र फिल्म कंपनी उभी केली, त्याची ही खूण. भांडवलाला हात दिला तो गायिका तानीबाई कागलकर यांनी. त्या कॅमेऱ्यापुढे 'सैरंध्री' या चित्रपटासाठी ज्या दोन बायका उभ्या राहिल्या, त्या गुलाबबाई आणि अनसूयाबाई.

चित्रपटाच्या श्रेयनामावलीत मात्र त्या या नावांनी भेटत नाहीत. तिथे आहेत कमलादेवी आणि सुशीलादेवी. विराटाच्या राजवाड्यात द्रौपदी सैरंध्री या नावाने राहिली आणि तिची गोष्ट पडद्यावर आणणाऱ्या बाईलाही नाव बदलावं लागलं! योगायोग गमतीचा, पण कारण गमतीचं नव्हतं. पडद्यावर दिसणं बाईमाणसाला शोभत नाही, असं मानणारा तो काळ होता.

बायकांनाच पडद्यावर आणण्याचा पेंटरांचा निर्णय किती धाडसाचा होता, हे आधीच्या चित्रपटांकडे पाहिलं की कळतं. फाळक्यांच्या 'राजा हरिश्चंद्र'मध्ये (1913) तारामती झाले अण्णा साळुंके. 'मोहिनी भस्मासुर'मध्ये दुर्गाबाई कामत आणि त्यांची मुलगी कमला यांनी कामं केली खरी, पण त्याने पायंडा पडला नाही. 'लंकादहन'मध्ये (1917) साळुंकेच राम आणि साळुंकेच सीता. रंगभूमीवर तर बालगंधर्वांचं राज्य होतं. पेंटर स्वतः नाटक कंपन्यांचे पडदे रंगवत मोठे झालेले, म्हणजे पुरुषाने वठवलेली स्त्री त्यांनी विंगेत उभं राहून जवळून पाहिली होती. तरीही त्यांनी बायकाच घेतल्या. माझा कयास असा की पडदे रंगवणाऱ्याच्या नजरेला हे आधी उमगलं असावं: दुरून नाटकात खपतं ते कॅमेऱ्याच्या भिंगापुढे खपत नाही. त्यातून कथा कीचकाच्या वासनेची.

'सैरंध्री' 7 फेब्रुवारी 1920 रोजी पुण्याच्या आर्यन थिएटरात लागला. लोकमान्य टिळकांनी तो पाहून पेंटरांना 'सिनेमा केसरी' म्हटलं, हे सगळेच सांगतात. टिळक 1 ऑगस्टला गेले, तेव्हा ही शाबासकी त्या मधल्या सहा महिन्यांतलीच. खाडिलकरांच्या 'कीचकवध' नाटकावर सरकारने 1910 मध्ये बंदी घातली होती, कारण प्रेक्षकांना कीचकात व्हाइसरॉय लॉर्ड कर्झन दिसत होता. तोच कीचक दहा वर्षांनी पडद्यावर मरताना पाहून टिळकांना निव्वळ कलेचा आनंद झाला असेल, असं मला वाटत नाही. वधाचा प्रसंग फार भीषण वाटतो म्हणून तो कापावा लागला, ही हकिकतही चित्रपटाच्या इतिहासात नोंदली गेली आहे. थोडक्यात, पेंटरांना पदवी मिळाली, कीचकाच्या मरणाला कात्री मिळाली आणि कमलादेवीच्या वाट्याला श्रेयनामावलीतली एक ओळ आली.

या दोघींना समाजाने वाळीत टाकलं आणि त्यांना कंपनीच्या आवारात आसरा घ्यावा लागला, असं पुढच्या लेखनात येतं. यातल्या पहिल्या भागाला आधार सापडतो. चित्रपटसृष्टीची चौकशी करणाऱ्या 1927-28 च्या रंगाचारियर समितीपुढे 'कुलीन' स्त्रिया चित्रपटात येत नाहीत हा विषय निघालाच होता. दुसरा भाग मी जपून घेईन. नाटक कंपनीची मंडळी एकाच बिऱ्हाडात राहत, एका पंगतीत जेवत. फिल्म कंपनीनेही तोच शिरस्ता उचलला होता. तेव्हा आवारात राहणं एवढ्यावरूनच बहिष्कार सिद्ध होत नाही. बहिष्कार होता, पण त्याचा पुरावा आवारातलं ते राहणं नव्हे.

कमलादेवी एका चित्रपटापुरती आली आणि गेली, असंही नाही. 1925 च्या 'सावकारी पाश'मध्ये ती पुन्हा आहे. सावकार जमीन गिळतो, शेतकरी देशोधडीला लागून मुंबईला गिरणीत जातो. शेतकरी झाले होते तरुण व्ही. शांताराम. भरजरी पौराणिक पटांच्या त्या दिवसांत इतकं उघडंवाघडं दारिद्र्य पडद्यावर आणणं ही मोठीच गोष्ट. दिग्दर्शक जे. बी. एच. वाडियांनी पुढे या चित्रपटाची आठवण लिहिली, पण मूकपट त्यांना पुसटसाच आठवत होता; त्यांना भारून टाकलं ते 1936 च्या त्याच्या बोलपट आवृत्तीने. त्या आठवणीत अंधुक उजेडातली झोपडी आहे, कुत्र्याचं रडणं आहे. झोपडीतली बाई नाही. मला ही आठवण सगळ्यांत बोलकी वाटते. वाडिया जाणकार प्रेक्षक आणि मनाने उदार. त्यांच्या आठवणीत कुत्रं राहिलं.

कोल्हापूरच्या या चित्रसृष्टीच्या आठवणी लिहिल्या त्याही पुरुषांनी: बाबूराव पेंढारकरांचं 'चित्र आणि चरित्र', शांतारामबापूंचं 'शांतारामा'. दोघेही पेंटरांच्या हाताखाली तयार झालेले. 1929 मध्ये शांताराम, दामले, फत्तेलाल, धायबर बाहेर पडले आणि 'प्रभात' निघाली. 1932 च्या 'अयोध्येचा राजा'त तारामती झाल्या दुर्गा खोटे. शहर कोल्हापूरच, पण 'सैरंध्री'ला बारा वर्षं झाली होती. दुर्गाबाई शिकलेल्या, मोठ्या घरातल्या. नाव बदललं नाही आणि पुढे 'मी दुर्गा खोटे' हे आत्मचरित्रही लिहिलं. 'मोहिनी भस्मासुर'मधली ती कमला, म्हणजे कमलाबाई गोखले, नव्वदी ओलांडून जगल्या आणि 1992 मध्ये रीना मोहन यांच्या माहितीपटात स्वतःची हकिकत स्वतः सांगू शकल्या. कमलादेवीविषयी जे काही लिहायचं, ते पेंटरांच्या चरित्राच्या समासातूनच वेचून घ्यावं लागतं.