फोंड्याच्या मुलीचा वाटा

नागपुरात मोमीनपुऱ्यातला एखादा विधुर बाप वारला आणि मागे फक्त एक मुलगा व एक मुलगी राहिली, तर मुलाला दोन वाटे, मुलीला एक. तोच बाप गोव्यात फोंड्याचा असता तर दोघांना सारखे. फोंड्याला १५६० सालची साफा मशीद आहे. कलमा तोच, रोजे तेच. मग वारशाचा हिशेब वेगळा का?

उत्तर शोधताना थेट कॉन्स्टँटिनोपलला जावे लागते. सम्राट जस्टिनियनने इ. स. ५२९ ते ५३४ या काळात रोमन कायद्याचे संकलन करविले. हजरत पैगंबरांच्या जन्माआधीची ही गोष्ट. जुन्या रोममध्ये बापाची सत्ता अफाट होती. मृत्युपत्र करून तो पोटच्या मुलांना बेदखल करू शके. पुढे न्यायालयांनी मुलांसाठी चौथा हिस्सा राखून ठेवला. जस्टिनियनने ५३६ मध्ये तो चार मुलांपर्यंत एकतृतीयांश आणि त्याहून अधिक मुले असल्यास निम्मा केला. ५४३ च्या फर्मानात तर वारसांमध्ये स्त्री-पुरुष भेदही उरला नाही.

अकराव्या शतकाच्या अखेरीपासून बोलोन्यात हे ग्रंथ शिकवले जाऊ लागले. तिथून हा कायदा युरोपभर पसरला, पोर्तुगालच्या १८६७ च्या दिवाणी संहितेत उतरला आणि १ जुलै १८७० पासून गोव्यात लागू झाला. हिंदूंच्या काही रूढींना १८८० मध्ये वेगळी सवलत मिळाली. ‘समान’ कायद्याचे गुणगान करणारे हे सहसा सांगत नाहीत. इकडे नागपुरात इंग्रजांनी १८७५ च्या मध्य प्रांत कायद्याने मुसलमानांच्या वारशाला मुस्लिम कायदाच ठेवला. म्हणजे पाच वर्षांच्या अंतराने दोन परक्या सरकारांनी दोन बहिणींचे वाटे ठरवले! १९३७ चा शरियत कायदा गोव्यात कधी गेलाच नाही. तिथला वारसा आज २०१२ च्या राज्य कायद्याने चालतो, मुलांचा राखीव निम्मा हिस्सा कायम आहे.

मृत्युपत्राला लगाम आपल्याकडेही आहे, आणि तो अधिक कडक आहे. वसीयत एकतृतीयांशापुरतीच. यावरून फिकह रोमकडून उसना घेतला, असे काही युरोपीय पंडित म्हणत. पुरावा मात्र तोकडा. उलट एक गंमत अशी की, गोव्यात नवरा-बायकोची मालमत्ता सामाईक धरतात, ती रीत रोमची नव्हे. पत्नीची मालमत्ता तिचीच, हे रोमन कायदा मानी आणि शरियतही मानते.

आता मोमीनपुऱ्यातल्या त्या मुलीकडे येऊ. बापाला हयातीत हिबा करून तिला भावाइतके देता येते. कोणी अडवलेले नाही. पण आपल्या घरांत घडते ते असे की, कुरआनाने दिलेला तो एक वाटाही भाऊ हक्कसोडपत्रावर बहिणीची सही घेऊन ठेवून घेतात, आणि ईदला तिला साडी नेऊन देतात.