धरणगावची भिल्ल पलटण आणि डोंगरी फौजेचे कूळ

डोंगरात लढण्यासाठी खास उभारलेल्या फौजांची कुळी सांगताना लष्करी इतिहास बहुधा इटलीपासून सुरू होतो. जुझेप्पे पेरुकेत्ती नावाच्या कॅप्टनने सुचवले आणि १५ ऑक्टोबर १८७२ रोजी आल्प्सच्या रक्षणासाठी ‘आल्पिनी’च्या पहिल्या १५ कंपन्या उभ्या राहिल्या. फ्रान्सने १८८८ मध्ये तशीच पथके काढली, पहिल्या महायुद्धात जर्मनीनेही काढली. युरोपपुरता हा क्रम बरोबर आहे. पण आल्पिनींच्या ४७ वर्षे आधी, १८२५ मध्ये, आपल्या खानदेशात डोंगरातल्याच माणसांची एक पलटण उभी राहिली होती आणि तिचे ठाणे धरणगावला होते. खानदेश भिल्ल कोअर या नावाने ती ओळखली गेली. ती जगातली पहिली डोंगरी तुकडी होती, असा माझा दावा नाही. डोंगरी फौज मुळात कशी जन्माला येते, हे मात्र तिच्या जन्मकथेत जितके उघड दिसते तितके आल्पिनींच्या कथेत दिसत नाही. ज्याला डोंगरात हरवता येत नाही, त्यालाच राज्य पगारावर ठेवते. डोंगरी फौज अशी तयार होते. डोंगर चढायचे शिक्षण मागाहून येते, आणि पुष्कळदा त्याची गरजच पडत नाही.

१८१८ मध्ये पेशवाई बुडाली आणि खानदेश कंपनीच्या हाती आला, तेव्हा मुलूख निम्मा ओसाड होता. १८०२ मधली यशवंतराव होळकरांच्या फौजेची धाड, पाठोपाठचा दुष्काळ आणि पेंढाऱ्यांची लूट यांनी गावेच्या गावे उठली होती. गावची जागल करून बलुत्यावर जगणारे भिल्ल डोंगरात गेले. गावच उरले नाही तर राखायचे कोणासाठी आणि खायचे काय? पेशव्यांच्या अंमलदारांनी त्यांचा बंदोबस्त दग्याने करू पाहिला. बाळाजी लक्ष्मण या सरसुभेदाराने १८०४ च्या सुमारास कोपरगावला भिल्लांना विश्वासाने बोलावून त्यांची कत्तल केली. अशा घावानंतर सरकार कोणतेही असो, त्याच्या शब्दावर भिल्लांनी भरवसा का ठेवावा? उत्तरेला सातपुडा, दक्षिणेला सातमाळा-अजिंठ्याची रांग, आणि मधल्या तापी-गिरणेच्या सपाटीवर पाचोरा, भडगाव, चोपडा, यावल. दोन्ही डोंगरांतून सपाटीवर उतरणे सोपे होते, सपाटीवरून डोंगरात शिरणे फार अवघड.

नवा कलेक्टर कॅप्टन जॉन ब्रिग्ज याने अनेक वाटा करून पाहिल्या. त्याने नाईकांना तनखे दिले, घाटांच्या तोंडाशी चौक्या बसवल्या, पलटणी पाठवल्या, धरपकड केली. काही काळ शांतता होई आणि पुन्हा धाडी सुरू होत. पलटणीच्या शिपायांत धाडस कमी नव्हते. अडचण त्यांच्या चालण्यातच होती. अशी पलटण सातमाळ्याच्या एखाद्या खोऱ्यात शिरते तेव्हा काय होते ते पाहा. तंबू, शिधा आणि दारूगोळा बैलांच्या पाठीवर. वाट एका बैलापुरती, म्हणून सगळी रांग लांबते. बैल पाण्यावाचून चालत नाही, म्हणून तळ ओढ्याकाठीच पडतो, आणि ओढा कुठे आहे हे समोरच्याला तुमच्याआधी ठाऊक असते. पावसाळ्यानंतर जंगलातला हिवताप माणसे पाडतो. समोरच्याकडे तीरकमठा, कमरेला बांधलेली भाकर आणि वर चढायला कपार. त्याला तळही लागत नाही आणि बैलही लागत नाहीत. नियमित पलटण प्रत्येक चकमक जिंकत होती, आणि मुलूख तरीही शांत होत नव्हता.

डोंगरात डोंगरातलीच माणसे लढवावीत, ही समज महाराष्ट्राला नवी नव्हती. शिवाजी महाराजांचे पायदळ मावळच्या आणि कोकणच्या माणसांचे होते. सभासद बखरीत त्याची रचना दिली आहे: दहा माणसांवर नाईक, पाच नाईकांवर हवालदार, वर जुमलेदार, त्यावर हजारी. या मावळ्यांना डोंगर शिकवावा लागला नव्हता. महाराजांनी त्यांना रचना दिली, नेमणूक दिली आणि लढण्याला कारण दिले. फेब्रुवारी १६६१ मध्ये कारतलबखानाची मोठी फौज उंबरखिंडीत कोंडली गेली ती त्या रचनेमुळे. पुढे मराठ्यांची सत्ता उत्तरेच्या मैदानात पसरली, घोडदळाला मान आला आणि डोंगरी पायदळ गडकोटांच्या शिबंदीत मागे पडले. मावळ्यांची अक्कल पेशवाईच्या अखेरीस खानदेशात कोणी वापरली असती, तर कोपरगाव घडले नसते असे मला वाटते.

१८२५ मध्ये मुंबईचे गव्हर्नर माउंटस्टुअर्ट एल्फिन्स्टन यांनी खानदेशात भिल्लांच्या कारभारासाठी तीन भिल्ल एजन्स्या नेमल्या आणि एक भिल्ल पलटण उभारायचे ठरवले. पलटणीचे काम जेम्स औट्रम या बावीस वर्षांच्या लेफ्टनंटकडे आले. त्याने आधी भिल्लांच्या ठाण्यावर छापा घालून माणसे पकडली. मग त्यातल्या काहींना सोडून, बाकीच्यांच्या नातेवाइकांना घेऊन या, सगळ्यांना मोकळे करतो, असा निरोप पाठवला. नाईक आल्यावर तो एकटाच त्यांच्याबरोबर जंगलात गेला, पहारा न ठेवता त्यांच्यात राहिला, त्यांना दारू पाजली, त्यांच्याबरोबर शिकार केली. इतके करूनही पहिल्यांदा नाव नोंदवले ते फक्त पाच जणांनी. महिनोन्महिने संख्या हळूहळू वाढत गेली. मालेगावच्या छावणीत नेताना त्यांना भीती होती की पुन्हा कत्तलच होणार. तिथल्या नियमित शिपायांनी त्यांची टर न उडवता त्यांना आपल्यात बसवले, खाऊ घातले. माझ्या मते पलटण त्या दिवशी उभी राहिली. कोपरगावच्या आठवणीला कवायतीने उत्तर मिळाले नसते. ते सोबतच्या जेवणाने मिळाले.

कवायतीने त्यांना काय दिले? बंदूक, हजेरी, रजा, ठरलेला पगार आणि तो वेळेवर मिळेल ही खात्री. माग काढणे, रात्री उतरणे, पाणी शोधणे, ओढ्याच्या आवाजावरून दिशा धरणे यांतले काही औट्रमने शिकवले नाही. त्याला ते येतही नव्हते. १८२८ मध्ये कलेक्टरने कळवले की वीस वर्षांत प्रथमच मुलखाला सलग सहा महिने उसंत मिळाली. १८३० मध्ये याच पलटणीचे लोक डांगच्या जंगलात मोहिमेवर गेले.

पण हे सगळे औट्रमच्या नावावर मांडणे अन्यायाचे आहे. पाचोऱ्याच्या दक्षिणेचा डोंगर त्याच्या एजन्सीत नव्हताच. तो कन्नडकडच्या दक्षिण एजन्सीत होता आणि ती चार्ल्स ओव्हन्सकडे होती. त्याने तिथे भिल्लांना जमीन, बैल, बियाणे आणि तगाई देऊन वसाहती केल्या. एका भावाला पलटणीत पगार आणि दुसऱ्याला पायथ्याशी नांगर, असे दोन्ही एकदम झाले म्हणून धाडी थांबल्या. नुसती पलटण असती तर तिच्यातले शिपाई आपल्याच उपाशी सोयऱ्यांचा पाठलाग करत राहिले असते, आणि ते फार दिवस टिकले नसते.

यावर पहिला आक्षेप असा की ही तर पोलिसी शिबंदी, तिला पर्वतयुद्धाची फौज का म्हणायचे? पलटणीचे पुष्कळसे काम बंदोबस्ताचे होते आणि अखेर ती पोलिसातच विलीन झाली, हे खरे. पण आल्पिनींची मूळ योजना वेगळी होती का? ज्या खोऱ्यातला जवान त्याच खोऱ्याची खिंड राखील, हाच पेरुकेत्तीचा मुद्दा होता. त्या आल्पिनींना पहिली मोठी लढाई आल्प्सबाहेर, १८९६ मध्ये इथिओपियातल्या अडोवा इथे लढावी लागली आणि इटलीचा तिथे दारुण पराभव झाला. त्या पराभवाची कारणे अनेक आहेत, पण परक्या डोंगरात गेलेला डोंगरी जवान पुष्कळ अंशी परकाच ठरतो, एवढे त्यातून दिसते. भारतातली उदाहरणेही याच साच्यातली आहेत. भागलपूरचा कलेक्टर ऑगस्टस क्लीव्हलंड याने १७८० च्या सुमारास राजमहालच्या पहाडियांची तिरंदाज तुकडी उभारली. नेपाळशी युद्ध चालू असतानाच, १८१५ मध्ये, गुरख्यांच्या पहिल्या पलटणी झाल्या. प्रत्येक वेळी आधी सामना झाला आणि मग भरती.

दुसरा आक्षेप जास्त वजनाचा आहे. आजच्या पर्वतीय फौजा शिक्षणानेच घडतात, असे जाणकार म्हणतील. १९४८ मध्ये गुलमर्गला बर्फावर चालायला शिकवणारी शाळा सुरू झाली. १९६२ नंतर लष्कराने पर्वतीय डिव्हिजन उभारल्या आणि त्यांत सपाटीवरच्या पलटणी गेल्या. १९८४ पासून सियाचीनवर महाराष्ट्राचे, अगदी कापसाच्या रानात वाढलेले जवानही पहारा देत आले आहेत. हे मान्यच केले पाहिजे. पंधरा-अठरा हजार फुटांवर विरळ हवा हा स्वतंत्र शत्रू आहे आणि त्याच्याशी लढायला शिस्तबद्ध शिक्षण लागतेच. तरीही लष्कराने १९६३ मध्ये लडाख स्काउट्स उभारले आणि कारगिलनंतर, २००० मध्ये, त्यांना स्वतंत्र रेजिमेंटचा दर्जा दिला. शाळा असूनही खोऱ्यातल्या माणसाची गरज संपली नाही. शिक्षणाने परका जवान डोंगरात टिकतो. डोंगराची आतली माहिती मात्र तिथे जन्मलेल्याकडूनच घ्यावी लागते.

तिसरा आक्षेप मला सर्वांत जड वाटतो. परकीय सरकारने भिल्लांना भिल्लांवरच घातले, त्याचे कौतुक कसले? कौतुक मी करत नाही. सेंधव्याच्या घाटाची राखण करणारा खाजा नाईक इंग्रजांच्याच नोकरीत होता. नोकरी गेली, तुरुंग भोगला, आणि १८५७ मध्ये त्याच घाटात त्याने सरकारी खजिना लुटला. एप्रिल १८५८ मध्ये सातपुड्यात आंबापाणीला त्याच्या आणि त्याचा साथी भीमा नाईक याच्या लोकांशी इंग्रजांची मोठी लढाई झाली आणि पकडलेल्यांपैकी अनेकांना तिथल्या तिथे गोळ्या घातल्या गेल्या. धरणगावची पलटण सरकारकडेच राहिली. खाजा नाईक आणि पलटणीतला शिपाई यांची डोंगराची विद्या एकच होती. सरकारने एकाशी करार पाळला आणि दुसऱ्याशी तोडला, एवढाच फरक. डोंगरी फौजेची सगळी ताकद त्या करारात असते, हे माझे म्हणणे आंबापाणीइतके स्पष्ट दुसरे काही सांगत नाही. आणि म्हणूनच या इतिहासाला एकट्या औट्रमच्या शौर्याची गोष्ट करून चालणार नाही.

चाळीसगावहून कन्नडला जाणारा घाट आजही औट्रम घाट म्हणूनच ओळखला जातो. घाटातून जाणारे चालक रोज ते नाव घेतात. ते नाव पुसावे असे माझे म्हणणे नाही. घाटाच्या माथ्यावर एक फलक असावा, आणि त्यावर औट्रमच्या नावाबरोबर खानदेशची भिल्ल पलटण, कन्नडच्या वसाहती, कोपरगाव आणि आंबापाणी या चारही गोष्टी असाव्यात. पाचोरा, चाळीसगाव, धरणगावच्या इतिहासाच्या शिक्षकांनी आणि वाचनालयांनी हे काम मनावर घ्यावे.