जुनं लुगडं आणि मनूचा दहावा अध्याय

घरात नको असलेल्या वस्तू फुकट द्या, कुणाच्या तरी उपयोगी पडतील, असं आवाहन आता वस्त्यावस्त्यांतून ऐकू येतं. कल्पना चांगली आहे. पण आम्हाला ती नवी नाही. दुसऱ्याचं जुनं अंगावर घेण्याचा आमचा इतिहास शेकडो वर्षांचा आहे, आणि तो दयेचा इतिहास नाही.

मनुस्मृतीचा दहावा अध्याय उघडा. चांडाळाने प्रेतावरची वस्त्रं नेसावीत, फुटक्या भांड्यात जेवावं, ही ५२व्या श्लोकातली आज्ञा. सेवा करणाऱ्या शूद्राला उष्टं अन्न, जुनी वस्त्रं, पोचट धान्य आणि घरातलं जुनं सामानसुमान द्यावं, हा १२५वा श्लोक. आणि चारच श्लोकांनंतर हुकूम येतो, की ऐपत असली तरी शूद्राने धन साठवू नये! म्हणजे नवं घेण्याची वाट आधी बंद करायची आणि मग जुनं देऊन उपकार दाखवायचे.

गावगाड्यात तेच चाललं. महारकीत राबणाऱ्याला मढ्यावरचं कापड आणि दारोदारची शिळी भाकर मिळे, आणि त्याला 'हक्क' म्हणत. हक्क कसला? रोख न दिलेली मजुरी ती. नको म्हणायची सोय नव्हती, नको म्हणणं म्हणजे गावाशी वैर. मार्च १९२७ मध्ये महाडच्या परिषदेत बाबासाहेबांनी मृत मांस आणि उष्टे तुकडे सोडायला सांगितलं. २५ डिसेंबरला महाडलाच मनुस्मृती जाळली गेली. १९२८ मध्ये वतनाच्या १८७४ च्या कायद्यात दुरुस्ती करणारं विधेयक त्यांनी मुंबई कायदेमंडळात मांडलं. तुकडा नाकारणं आणि वतनाची वेठ मोडणं ही एकच लढाई होती.

मग जुन्याची देवाणघेवाण बंदच करायची का? मुळीच नाही. जुन्या कापडाला विटाळ नसतो. देणारा आणि घेणारा जन्माने ठरवून टाकले होते, भांडण त्याच्याशी होतं. २०१५ मध्ये इराणच्या मशहद शहरात एका भिंतीवर खुंट्या ठोकल्या गेल्या. नको ते टांगा, हवं ते न्या. समोर आभार मानायला कुणी नाही. आपल्याकडच्या 'माणुसकीच्या भिंती' त्याच धर्तीच्या आहेत.

आता घेणाऱ्याच्या हातात साडी देऊन फोटो काढणारे दाते जयंतीच्या आसपास वस्तीत येतातच. त्यांना चहा द्यावा, फोटो देऊ नये. आणि विहारात असा कोपरा करायचा असेल, तर ज्या घरातून पाळणा आला, त्याच घरात उद्या दुसऱ्याची सायकल जाऊ द्या.