मराबारचा नाद आणि बराबरचे लेख

ई. एम. फॉर्स्टर यांच्या 'ए पॅसेज टु इंडिया' (१९२४) या कादंबरीत चंद्रापूर नावाचे एक कल्पित शहर आहे. आपल्या चांद्याशी त्याचा काही संबंध नाही. शहराजवळ मराबार नावाचे डोंगर असून त्यांत गुळगुळीत भिंतींच्या गुंफा आहेत. त्या गुंफांत विशेष काय आहे, असे चहापानाच्या वेळी प्राध्यापक गोडबोले यांना विचारले जाते. पण हा दक्षिणी ब्राह्मण मूळ गोष्ट ओठांआडच ठेवतो. ती गोष्ट पुढे वृद्ध मिसेस मूर यांच्या प्रत्ययास येते. तेथे काहीही उच्चारले तरी उत्तर एकच येते, एक जड, निरर्थक गुंजन. त्या नादाने त्यांची आयुष्यभराची श्रद्धा खचते. अडेला या तरुणीच्या डोक्यात तोच नाद घुमत राहतो आणि न्यायालयात तिने आरोप मागे घेतल्यावरच थांबतो.

हा नाद केवळ कविकल्पना नव्हे. मराबारचे मूळ बिहारमधील गयेच्या उत्तरेस असलेल्या बराबर व नागार्जुनी या टेकड्यांत आहे. फॉर्स्टर १९१३ च्या जानेवारीत तेथे गेले होते. तेथील सात गुंफा ग्रॅनाइटमध्ये कोरलेल्या असून बहुतेकींच्या भिंती आरशासारख्या घोटलेल्या आहेत. सुदामा गुंफेचा बाहेरचा दालनवजा भाग सुमारे ३३ फूट लांब व १९ फूट रुंद आहे आणि त्याच्या आत एक वर्तुळाकार खोली आहे. कादंबरीतील गोल खोली येथूनच उचललेली दिसते.

आता नादाविषयी. मूळ ध्वनी व परतलेला ध्वनी यांत सुमारे एकदशांश सेकंदाचे अंतर असेल तरच कानाला प्रतिध्वनी वेगळा ऐकू येतो. विजापूरच्या गोल घुमटाचा अंतर्व्यास सुमारे १२४ फूट आहे. तेथे शब्द पलीकडे जाऊन परत येण्यास एकपंचमांश सेकंदाहून अधिक वेळ लागतो, म्हणून तो स्पष्ट ऐकू येतो. सहा मीटर रुंदीच्या दालनात हे शक्य नाही. एक अक्षर संपण्यापूर्वीच त्याची अनेक परावर्तने होतात आणि घोटलेला ग्रॅनाइट त्यांतले फारसे काही शोषून घेत नाही. व्यंजने एकमेकांत मिसळून पुसली जातात, स्वर लांबत जातात, आणि दालनाच्या मापाशी जुळणारे खर्जातले सूर सर्वांत शेवटपर्यंत टिकतात. काटेकोर बोलायचे तर हा प्रतिध्वनी नव्हे, अनुरणन आहे. सगळ्या शब्दांचा एकच शब्द होतो, हे फॉर्स्टर यांचे निरीक्षण म्हणूनच पक्के वाटते.

मात्र या नादाचे गूढ वाढावे म्हणून त्यांनी एक गोष्ट केली, आणि इतिहासाच्या अभ्यासकाला ती खटकल्यावाचून राहत नाही. मराबारच्या गुंफांना त्यांनी कर्ता ठेवला नाही. त्या कोणी, कधी, कशासाठी कोरल्या याचा मागमूस नाही. कोरीव काम नाही, लेख नाही. बराबरची वस्तुस्थिती नेमकी उलट आहे. सुदामा गुंफेतील लेख सांगतो की अशोकाने आपल्या अभिषेकाच्या बाराव्या वर्षी ही 'न्यग्रोध' गुंफा आजीविकांना दिली. नागार्जुनी टेकडीवरील तीन गुंफा त्याचा नातू दशरथ याने त्याच पंथाला दिल्या. लोमश ऋषी गुंफेचे दार तर लाकडी वास्तूचा घाट दगडात उतरवणारे असून त्याच्या कमानीवर हत्तींची ओळ चालली आहे.

आजीविक हे नियतिवादी होते. मक्खली गोशाल हा त्यांचा आचार्य बुद्ध व महावीर यांचा समकालीन. पुरुषप्रयत्नाने काही बदलत नाही, सर्व नियत आहे, अशी त्यांची धारणा. त्यांचे स्वतःचे ग्रंथ उरले नाहीत. जे कळते ते मुख्यतः त्यांच्या बौद्ध व जैन प्रतिपक्ष्यांच्या तोंडून. काही लेखांतून तर 'आजीविक' हा शब्दच कोणीतरी छिन्नीने खरवडून काढलेला आहे. म्हणजे पंथाचे नाव एकदा दगडावरून गेले आणि दुसऱ्यांदा कादंबरीतून. पहिला प्रकार द्वेषाचा असावा. दुसरा कलेच्या गरजेचा, हे मान्य. परंतु भारत म्हणजे अनादि, अनाम, अर्थहीन गूढ असा जो समज त्या गुंफांवरून वाचकाच्या मनात ठसतो, त्याला आधार उरतो तो ही नावे गाळल्यामुळेच.

कादंबरीचा शेवटचा भाग मात्र आपल्या घरचा आहे. १९२१ मध्ये फॉर्स्टर देवास थोरल्या पातीचे महाराज तुकोजीराव पवार यांचे खाजगी चिटणीस होते. तेथील गोकुळाष्टमीची हकीकत त्यांच्या 'द हिल ऑफ देवी' (१९५३) मध्ये आहे आणि तोच उत्सव कादंबरीत आला आहे. गुंफेत सगळे शब्द एका गुंजनात बुडतात. येथे त्याहून मोठ्या गदारोळात गोडबोले कृष्णजन्माच्या वेळी तुकारामाचे नाव घेत नाचतात. टीकाकार गुंफा आणि देऊळ ही दोन टोके मानतात. बराबरच्या दगडाला मात्र ही टोके ठाऊक नाहीत: मौखरी वंशातील अनंतवर्मा याचा एक लेख लोमश ऋषी गुंफेच्या दारावर आहे, आणि त्यात या गुंफेत कृष्णाची मूर्ती स्थापन केल्याची नोंद आहे.