तळहातावरचा खेळ

बंगळूरच्या पूर्व भागात मारतहळ्ळी नावाची वस्ती आहे. एकेकाळचे हे खेडे आता शहराच्या पोटात गेले असून, बाहेरच्या वर्तुळमार्गावर सायंकाळी वाहनांच्या रांगा लागतात. अशा रांगेत अडकलेल्या बसमध्ये, नोकरीसाठी घर सोडून आलेला एखादा तरुण खिशातून लहानसे यंत्र काढतो आणि चक्रव्यूहातील ठिपके गिळत जाणारा पिवळा गोळा चालवू लागतो. शेजाऱ्याला हा वेळेचा अपव्यय वाटेल. परंतु त्या गोळ्यामागे जवळजवळ अर्धशतकाचा इतिहास उभा आहे.

या खेळांचा जन्म नाण्याच्या पोटी झाला. १९७८ साली जपानमधील टायटो कंपनीच्या तोमोहिरो निशिकादो यांनी ‘स्पेस इन्व्हेडर्स’ रचला आणि १९८० साली नामको कंपनीच्या तोरू इवातानी यांनी ‘पॅक-मॅन’. कपाटाएवढी ही यंत्रे खेळघरांत उभी असत. एकच खेळाडू फार काळ टिकला, तर पुढचे नाणे अडून राही. म्हणून खेळ उत्तरोत्तर अवघड होत जाई. त्यात अंतिम विजय नव्हताच, होते ते केवळ गुण. पॅक-मॅनमध्ये पायऱ्यांचा हिशेब एका बाइटात ठेवलेला असून त्यात २५५ हून मोठी संख्या मावत नाही. त्यामुळे २५६ व्या पायरीवर तो हिशेब कोलमडतो आणि पडद्याचा उजवा अर्धा भाग अर्थहीन चिन्हांनी भरून जातो.

त्याच १९८० साली क्योतोच्या निन्तेन्दो कंपनीने ‘गेम अँड वॉच’ हे खिशात मावणारे यंत्र विक्रीस आणले. त्याचे कर्ते गुनपेई योकोई. आगगाडीत कंटाळून गणकयंत्राच्या कळांशी चाळा करणारा एक प्रवासी पाहून त्यांना ही कल्पना सुचली, असे सांगितले जाते. नव्या, महागड्या तंत्राच्या मागे न लागता जुने, स्वस्त आणि पक्के झालेले तंत्र नव्या उपयोगास लावावे, हा त्यांचा सिद्धान्त होता. १९८९ चा ‘गेम बॉय’ हे त्याचेच फळ. प्रतिस्पर्ध्यांचे पडदे रंगीत होते, पण त्यांचे सेल लवकर संपत. हिरवट-करड्या चार छटांचा गेम बॉय मात्र चार लहान सेलांवर कितीतरी अधिक वेळ चाले. तो आणि त्याची रंगीत आवृत्ती मिळून ११ कोटी ८० लाखांहून अधिक यंत्रे विकली गेली.

भारतातील पुष्कळ मुलांना या जगाची ओळख झाली ती बाजारातील विटा रचण्याच्या स्वस्त खेळण्यामुळे. त्याचे मूळ अलेक्सेई पाजित्नोव यांनी १९८४ साली मॉस्कोत रचलेल्या ‘टेट्रिस’मध्ये होते. पुढे १९९७ साली नोकियाच्या ६११० या फोनमध्ये साप वळवळू लागला, आणि खेळासाठी निराळे यंत्रही लागेनासे झाले.

खेळघर गेले, नाणे गेले; खेळातील काठिण्य मात्र राहिले. ज्या हेतूने ते घातले होते तो आता उरला नाही. तळहातावर हरलेल्या खेळाडूच्या खिशातून पैसा जात नाही, मागे कोणी खोळंबून उभे नसते. तो पुन्हा आरंभ करू शकतो. धंद्याच्या गरजेतून आलेली अडचण अशा रीतीने निर्व्याज खेळाचा नियम बनली. अंगणातल्या सागरगोट्यांनाही जिंकण्याहून अधिक मोठे बक्षीस कधी नव्हते. मारतहळ्ळीच्या बसमधील तरुण काय मिळवतो, याचे उत्तरही तेच आहे: दुसऱ्याच्या हाती गेलेल्या दिवसातील काही मिनिटे त्याची स्वतःची होतात.