मालकाविना संघटना

कामगार म्हटला की त्याचा मालक कोण, हे आम्ही संघटनेची माणसे आधी विचारतो. 1972 साली अहमदाबादेत इला भट्ट यांनी ओझी वाहणाऱ्या, भाजी विकणाऱ्या, घरी शिवण करणाऱ्या बायकांची ‘सेवा’ ही संघटना उभारली, तेव्हा सरकारी कामगार खात्यानेही हाच प्रश्न केला. मालकच नाही, तर भांडणार कोणाशी? इलाबेनचे म्हणणे असे की, संघटना कामगारांच्या एकीसाठी असते. ती कोणाविरुद्धच असली पाहिजे असे नाही. अखेर नोंदणी झाली.

पण नुसत्या एकीने चूल पेटत नाही. भाजीवालीला रोज भांडवल लागे. ते सावकाराकडून जबर व्याजाने येई. बँकेतल्या कारकुनापुढे निरक्षर बाईचा निभाव लागत नसे. म्हणून 1974 साली 4,000 बायकांनी प्रत्येकी 10 रुपये घालून स्वतःची सहकारी बँक काढली. सही येत नाही, तर पासबुकावर छायाचित्र लावले!

1981 साली मजूर महाजन या मातृसंस्थेशी फारकत झाली, तरी सेवा मोडली नाही. इलाबेन 2022 साली निवर्तल्या. वेतनवाढीसाठी झगडणाऱ्या आम्हांला त्यांनी एवढे दाखवून दिले की, ज्याला वेतनच नाही त्याचीही संघटना होऊ शकते. मात्र तिला मोर्चाइतकीच पेढीचीही गरज असते.