ओगराळं तळाशी गेलं तर

कंबोडियातल्या म्हाताऱ्या माणसांना त्या काळाविषयी विचारलं तर ती सन सांगत नाहीत. "तीन वर्षं, आठ महिने, वीस दिवस," एवढंच म्हणतात, एका दमात. 17 एप्रिल 1975 ला ख्मेर रूजचे काळ्या कपड्यांतले पोरसवदा सैनिक नॉम पेनमध्ये शिरले आणि 7 जानेवारी 1979 ला व्हिएतनामच्या फौजेनं त्यांना तिथून पिटाळलं. हिशेब जवळपास बरोबर येतो. पाऊण कोटीहून थोडी जास्त वस्ती असलेल्या त्या देशातली 17 ते 20 लाख माणसं तेवढ्या काळात गेली. काहींना मारलं, पण पुष्कळशी उपासमारीनं, तापानं आणि कामाच्या रगाड्यानं मेली. हे आकडे मी पुस्तकांत वाचले. यिएंच्या तोंडून कधी आकडा ऐकला नाही. त्यांच्या बोलण्यात भात यायचा.

यिए म्हणजे आजी. बत्तमबांगला नोकरीनिमित्त राहत होते तेव्हा माझी घरमालकीण. खांबांवर उभं केलेलं लाकडी घर, वर मी, मागच्या खोलीत त्या आणि त्यांची नात. मला त्या 'चाव' म्हणत, म्हणजे नातच.

पण कंबोडिया आमच्या घरात त्याआधीच आला होता, अण्णांमुळे. 1980 साली भारतानं नॉम पेनच्या हेंग सामरिन सरकारला मान्यता दिली. अमेरिका, चीन आणि त्यांच्या बाजूचे बहुतेक देश तेव्हा संयुक्त राष्ट्रांतली खुर्ची ख्मेर रूजचा पुढारी पोल पॉट याच्या माणसांकडेच ठेवून होते, हे आज सांगितलं तर पुष्कळांना खरं वाटत नाही. त्या मैत्रीतून 1986 मध्ये भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षणाचं पथक अंगकोर वाटच्या डागडुजीला गेलं, ते काम 1993 पर्यंत चाललं. औरंगाबादहून अण्णा काही हंगाम त्या पथकात होते. देवळाच्या भिंतींवर गोळ्यांच्या खुणा, आसपासच्या रानात अजून ख्मेर रूजच्या टोळ्या, सोबतीला बंदूकधारी पहारा. आम्हा मुलांना शिल्पांच्या गोष्टी हव्या असायच्या आणि अण्णा सांगायचे मजुरांच्या. मजुरांत बायकाच जास्त. बाप्ये कुठे गेले हे विचारायचं नाही, एवढं त्यांना पहिल्या आठवड्यातच कळलं होतं. त्यातली एक बाई रोज दुपारचा अर्धा भात खायची आणि उरलेला गळ्यातल्या चौकटीच्या पंचात, म्हणजे 'क्रमा'त, बांधून ठेवायची. जेवण तर पोटभर मिळत होतं. अण्णांनी दुभाष्यामार्फत विचारलं तेव्हा तिनं उलट विचारलं, "उद्याचं तुम्ही सांगू शकता का?"

यिए मूळच्या नॉम पेनच्या. नवरा प्राथमिक शिक्षक, दोन मुलं. शहर पडलं त्या दिवशी दुपारपर्यंत भोंग्यावरून हुकूम आला: सगळ्यांनी गाव सोडा, अमेरिकन बॉम्ब टाकणार आहेत, तीन दिवसांत परत याल. लोकांनी विश्वास ठेवला, कारण ठेवण्यासारखी परिस्थितीच होती. ऑगस्ट 1973 पर्यंत अमेरिकेनं कंबोडियाच्या खेड्यापाड्यांवर बेसुमार बॉम्ब टाकले होते; त्यातून पळालेल्या लोकांनीच शहर फुगलं होतं. दवाखान्यातले रोगीसुद्धा खाटांसकट रस्त्यावर ढकलत नेले. एप्रिलचं ऊन. दोनतीन दिवसांत वीसेक लाखांचं शहर रिकामं झालं. यिएंनी घराला कुलूप लावलं होतं. किल्ली त्यांनी बरेच महिने पोलक्याला आतून टाचून ठेवली, मग एक दिवस एका मुठीएवढ्या मिठासाठी पिनेसकट देऊन टाकली. घेणाऱ्याला पीन हवी होती.

गावोगाव प्रत्येकाला आपली जीवनकहाणी लिहून द्यावी लागे. कोण होतात, काय करत होतात, नातेवाईक कोण. यिएंनी सांगितलं, मी भाजी विकत होते, मला अक्षर येत नाही. नवऱ्याला त्यांनी रात्रभर विनवलं की तूही सायकलरिक्षा चालवत होतो असं सांग. त्याला जमलं नाही. शिक्षक होतो असं त्यानं लिहिलं, वळणदार अक्षरात. "फार सुंदर अक्षर होतं," असं यिए कौतुकानं म्हणायच्या आणि त्याच वाक्यात चिडायच्या. काही आठवड्यांनी त्याला 'शिकायला' बोलावलं. अंगकार, म्हणजे 'संघटना', शिकायला बोलावते तेव्हा माणूस परत येत नाही, हे तोवर सगळ्यांना ठाऊक झालं होतं.

1975 च्या अखेरीस त्यांना गाडीत कोंबून वायव्येला, बत्तमबांगकडे आणलं. हे देशाचं भाताचं कोठार. इथेच माणसं भातावाचून मेली. हे कसं झालं ते समजून घेण्यासारखं आहे, कारण दुष्काळ पडला नव्हता. वरून हुकूम सुटला होता: हेक्टरी तीन टन भात. युद्धाआधी सरासरी जेमतेम एक टन निघे. पाटबंधारे समजणारे इंजिनियर मारले किंवा दडले, बांध घातले ते पढवलेल्या पोरांनी, सरळ रेषेत, उताराकडे न बघता. तीन टन पिकलं नाही असं वर कळवणारा पुढारी 'शत्रूचा हस्तक' ठरे. म्हणून तो पिकलं असं कळवायचा, आणि कागदावरच्या पिकातून अंगकारचा वाटा प्रत्यक्षातल्या खळ्यावरून उचलला जायचा. फौजेला, गोदामांना, थोडा चीनलाही. खाली उरेल ते गावाला. पुढे 1977 मध्ये ता मोक या नैर्ऋत्येच्या पुढाऱ्याची माणसं इकडे आली आणि त्यांनी या जुन्या पुढाऱ्यांनाच भूक पसरवल्याबद्दल गद्दार ठरवून मारलं. भूक मात्र होती तशीच राहिली.

पैसा रद्द, बाजार रद्द, शाळा रद्द, भिक्खूंची चीवरं उतरवलेली. घरी चूल पेटवायची नाही. भांडी जमा करून घेतली. माणसाच्या मालकीचा राहिला तो एक चमचा. सगळ्यांनी सामुदायिक भटारखान्यात ओळीनं जायचं. तांदूळ कंडेन्स्ड मिल्कच्या रिकाम्या डब्यानं मोजत, आपल्याकडे चिपट्या-मापट्यानं मोजायचे तसा. एक डबा दहाबारा जणांत, कधी त्याहून जास्त. त्याची पेज.

यिए पेजेच्या पातेल्याविषयी एखाद्या जाणत्या आचाऱ्याच्या बारकाईनं बोलायच्या. मोठ्या कढईत पेज निवली की शितं खाली बसतात. वर नुसतं पाणी, केळीच्या गाभ्याचे तुकडे. ओगराळं वरच्या वर फिरलं तर वाडग्यात पाणी येतं, मोजून चारपाच शितं. तळाशी गेलं तर मूठभर भात. वाढणारी बाई गावातलीच, म्हणजे 'मूळची'. शहरातून हाकललेली सगळी 'नवी' माणसं. "तुला ठेवून फायदा नाही, गेलीस तर तोटा नाही," हे वाक्य नव्यांना येता-जाता ऐकवलं जाई. वाढणारी वर बघत नसे. रांगेतले सगळे तिच्या चेहऱ्याकडे नव्हे, मनगटाकडे बघत. मनगट किती वाकलं यावरून दिवस कसा जाणार ते ठरायचं. यिएंनी मला रिकाम्या पातेल्यात ओगराळं घालून दोन्ही तऱ्हा करून दाखवल्या. फरक फार तर दोन बोटांचा.

धाकटा मुलगा सुजून गेला. दवाखाना नावाच्या झोपडीत एक पोरगी काळ्या गोळ्या द्यायची. लोक त्यांना सशाच्या लेंड्या म्हणत. तो रात्री गेला. यिएंनी सकाळी त्याचं वाडगंही रांगेत पुढे केलं, पेज घेतली, मुलीला दिली, उरली ती स्वतः प्यायल्या, आणि मग सांगितलं. हे त्यांनी मला एकदाच सांगितलं आणि लगेच पंखा बंद कर म्हणाल्या, वीज वाया जाते.

त्याच सुमारास त्या वाढणारणीनं ओगराळं तळाशी घातलं. यिएंच्या वाडग्यात, मान वर न करता. तसं तिनं पुन्हाही काही वेळा केलं, सलग कधीच नाही. का, ते यिएंना कधी कळलं नाही. आणि याच बाईनं रताळं उकरणाऱ्या एका नव्या पोरीचं नाव पुढाऱ्याला सांगितलं. ती पोरगी त्या रात्री गेली. यिए ही दोन्ही हकिगती नेहमी एकापाठोपाठ सांगत. एकीनं दुसरी पुसली जाते असं त्यांनी कधी सुचवलं नाही, मलाही ते जमलेलं नाही.

यिएंची बहीण अविवाहित, म्हणून तिला फिरत्या तुकडीत घातलं आणि त्रपांग थ्मा नावाच्या प्रचंड धरणावर माती वाहायला धाडलं. तिथे किती माणसं त्या भरावातच राहिली कोण जाणे. आज त्या पाण्यावर सारस उतरतात. राखीव क्षेत्र आहे, पक्षी बघायला परदेशी लोक दुर्बिणी घेऊन येतात. बत्तमबांगजवळच्या नोम साम्पौ डोंगराचंही तसंच. तिथल्या गुहेत वरच्या भोकातून माणसं लोटत असत. आता संध्याकाळी शेजारच्या गुहेतून लाखो वटवाघळं बाहेर पडतात ती बघायला रिक्षांची रांग लागते. मीही बघितली.

तर बहीण. एका संध्याकाळी तिला आणि आणखी कितीतरी जोड्यांना ओळीत उभं करून लग्न लावलं. मंत्र नाही, आईबाप नाहीत, अंगकारशी निष्ठा राखू एवढी शपथ. नवरा तिनं त्या दिवशी पहिल्यांदा पाहिला. रात्री घराच्या खांबांखाली हेर येऊन बसत, दोघं नवराबायको म्हणून राहतात की नाही ते ऐकायला. अशी लग्नं हा मानवतेविरुद्धचा गुन्हा होता असा निकाल पुढे लागला, आणि तो योग्यच आहे. बहीण मात्र 1979 मध्ये त्याच नवऱ्याबरोबर थायलंडच्या हद्दीवर खाओ इ दांगच्या छावणीत पोचली, तिथून कॅलिफोर्नियातल्या लाँग बीचला. दोघांनी डोनटचं दुकान चालवलं. तिकडची कितीतरी डोनटची दुकानं ख्मेर निर्वासितांचीच. फोनवर मी तिला एकदा विचारलं तेव्हा ती म्हणाली, "वाईट माणूस नव्हता. मी निवडला असता असाही नव्हता."

सुटकेविषयी यिए थोडक्यात आटपत. व्हिएतनामी रणगाडे आले, पहारेकरी पळाले, सगळा देश आपापलं माणूस शोधत रस्त्यांवर आला. पीक उभं होतं, कापायला कोणी नाही. नोटा 1980 च्या मार्चपर्यंत पुन्हा निघाल्या नाहीत. तोवर सगळे व्यवहार तांदळाच्या डब्यांत, नाहीतर सोन्यात. यिए नॉम पेनला परत गेल्या नाहीत. मुलीला घेऊन जिथे होत्या तिथेच राहिल्या, शाळा उघडली तेव्हा मुलं शिकवायला लागल्या. अक्षर येत होतं ना. पगार तांदळात.

आणि ती वाढणारणही त्याच गावात राहिली. जाणार कुठे?

भाद्रपदात, आपल्या पितृपंधरवड्यातच, तिकडे प्चुम बेन असतो. पहाटे चारला विहारात जायचं, भाताचे गोळे अंधारात चहूकडे टाकायचे. ज्या प्रेतांना उजेड सोसत नाही, ज्यांचं तोंड सुईच्या भोकाएवढं असतं, त्यांनी ते खायचे. भुकेनं मेलेल्यांच्या देशात हा सण कसला वजनदार असतो ते तिथेच कळतं. यिए नवऱ्याचं आणि मुलाचं नाव घेत गोळे टाकायच्या. दोघांचीही हाडं कुठे आहेत ठाऊक नाही. दोन हात अंतरावर ती बाईही टाकत असायची. एकमेकींना वाट द्यायच्या, बोलायच्या नाहीत.

न्यायालय उभं राहायला 2006 उजाडलं. पोल पॉट 1998 मध्येच, कुठल्याही खऱ्या न्यायालयापुढे न येता मेला होता. संयुक्त राष्ट्रांच्या मदतीनं चाललेल्या त्या न्यायालयाला वरिष्ठ नेते आणि सर्वांत जास्त जबाबदार माणसं एवढ्यांवरच खटला भरायचा अधिकार. 2022 मध्ये काम आटोपलं तेव्हा दोषी ठरले होते तिघे: तुओल स्लेंगच्या तुरुंगाचा प्रमुख दुच, नुओन चेआ आणि ख्यू साम्फान. व्हिएतनामी वंशाच्या लोकांच्या वंशसंहाराबद्दल दोघे नेते दोषी, चाम मुसलमानांच्या बाबतीत नुओन चेआ. ख्मेरांनी ख्मेर मारले त्याला कायद्याच्या भाषेत वंशसंहार म्हणता आलं नाही, बाकीची कलमं लावली. इतक्या वर्षांत आणि कोट्यवधी डॉलरांत तीन माणसं, हे मला फार थोडं वाटतं. यिएंना वाटत नव्हतं.

सुनावणी बघायला न्यायालय खेड्यांतून बसगाड्या भरून लोक नेई. यिएंच्या गावातूनही एक गाडी गेली आणि त्यात ती बाई होती. वाटेत तिला गाडी लागली. यिएंनी पिशवीतलं वाऱ्यावरचं तेल काढून तिच्या कपाळाला चोळलं. काचेपलीकडे ख्यू साम्फान कानाला यंत्र लावून बसला होता. यिए म्हणाल्या, अगदी हेडमास्तर दिसतो. एसीच्या गारव्यात त्यांना डुलकी लागली. दुपारचं जेवण चांगलं होतं, भात मोकळा.

नातीला हे सगळं उशिरा कळलं. शाळेत या काळाचं धड पुस्तक 2009 पासून आलं. तोवर तिची आईसुद्धा ताटात भात टाकला की यिए ओरडतात एवढंच सांगू शकत होती. आता नात यिएंचं बोलणं मोबाइलवर रेकॉर्ड करते. त्या बाईचं नाव घेऊन सांग, असा तिचा हट्ट आहे. रताळ्यावाल्या पोरीला कुणीतरी न्याय द्यायला नको का? मी नातीच्या बाजूनं बोलले.

यिए म्हणाल्या, "नाव घेतलं तर दोन्ही सांगावं लागेल. तुमच्या रेकॉर्डिंगमधलं रताळं लोक ऐकतील, ओगराळं कोण ऐकणार?"

नातीला हे पटलेलं नाही. ती म्हणते, दोन्ही ऐकू, तू आधी नाव सांग.